अम्माचं ‘वद्दुरा’ आणि वडिलांचे कान

सोलापूरच्या विडी घरकुल वसाहतीतून एका मुलाचं सहा पानी पत्र आलंय, नाव छापू नका म्हणालाय म्हणून छापत नाही. पत्राचा गाभा तेवढा देते.

“अक्का, मी २६ वर्षांचा. लग्नाचं शूटिंग करतो. दोन वर्षं झाली, घरात अम्माला विडी वळताना आणि वडिलांना शूट करायलोय. वडील आधी मिलमध्ये बदली कामगार होते, मिल बंद पडल्यावर यंत्रमागावर गेले, आता त्यांना ऐकू कमी येतं. साठ तासांचं फुटेज झालंय, त्यातलं २२ मिनिटं जोडलंय. पुण्यातला मित्र म्हणतो ही डॉक्युमेंटरीच नाही, इंटरव्ह्यू नाही, आकडे नाहीत, माहिती देणारं निवेदन नाही, हे नुसतं आर्ट आहे आणि ते पण तुझ्या घरातलं, लोकांनी का बघायचं? मला वडिलांना जसं ऐकू येतं तसा आवाज ठेवायचाय आणि एडिटिंग मागाच्या ठेक्यावर करायचंय. पण भीती वाटते की हे सगळं मलाच कळायलंय, दुसऱ्या कुणाला नाही. अजून एक, उजेडासाठी मी अम्माला एकदा खिडकीपाशी बसवून तेच काम परत करायला लावलं, ते खोटं झालं का? आणि एका रात्रीचा शॉट आहे, अम्मा हिशोब करताना रडते आणि कॅमेऱ्याकडे न बघता ‘वद्दुरा’, म्हणजे तेलुगूत ‘नको रे’, म्हणते. फिल्ममधला सगळ्यात भारी शॉट तोच आहे. ठेवू का?”

बाळा, अरेतुरे करते, चालेल ना. तू पाठवलेली २२ मिनिटं मी तीनदा बघितली, एकदा आवाज बंद करून, आणि बघून झाल्यावर उठून चहा टाकला तरी अम्माच्या मांडीवरचं विड्या वळायचं ते सूप डोळ्यासमोरून जाईना, म्हणून तुझ्या प्रश्नांच्या क्रमाने नाही, मला सुचतंय त्या क्रमाने लिहिते.

आधी तुझ्या मित्राचं. त्याच्यावर रागावू नकोस, आपल्याकडे डॉक्युमेंटरी म्हटलं की डोक्यात तोच भारदस्त आवाज येतो त्याला कारण आहे. १९४८ साली फिल्म्स डिव्हिजन सुरू झाली आणि पुढे कितीतरी वर्षं थिएटरात पिक्चरच्या आधी त्यांचं समाचार चित्र दाखवावंच लागायचं. धरण, पूर, पुढारी, शेती आणि वर एक पुरुषी आवाज सगळं समजावून सांगणारा, आपल्या आईवडिलांच्या पिढीने डॉक्युमेंटरी म्हणून पाहिलं ते हेच. पण त्याच सरकारी ऑफिसात १९६७-६८ च्या आसपास एसएनएस शास्त्री, प्रमोद पती असली माणसं होती ज्यांनी निवेदन फेकून दिलं, आवाज आणि चित्र एकमेकांवर आपटवलं, आणि सरकारच्याच पैशाने असले प्रयोग केले की आज बघितलं तरी जीव दडपतो. आणि त्याच्याही कितीतरी आधी, १९१२ साली, दादासाहेब फाळक्यांनी काय केलं माहितीये ना? हरिश्चंद्र अजून व्हायचा होता, पैसे नव्हते, तर घरात एका कुंडीत वाटाणा पेरला आणि कॅमेरा समोर ठेवून महिनाभर त्याचं एकेक चित्र घेत बसले. पडद्यावर जेमतेम मिनिटभराची फिल्म, कोंब येतो, वेल वर चढते. ती बघून लोकांनी पैसे दिले. निवेदन नाही, आकडे नाहीत, घरातली कुंडी. तेव्हा घरातलं का बघायचं हा प्रश्न मित्राने परत विचारला तर त्याला ही कुंडी सांग.

पण एक सांगते, मित्राचं सगळंच चुकलेलं नाही. तुझ्या फिल्ममध्ये मला अडचण कुठे आली तर ती तुझ्या व्हॉइसओव्हरमध्ये. “धागा म्हणजे आठवण, आठवण म्हणजे घर,” असं तू चार मिनिटं वाचलंयस, मागे बासरी. ते कुणीही कुठल्याही घरावर बोलू शकेल रे. आणि तीच फिल्म चौदाव्या मिनिटाला बघ, अम्मा खाली बसलीये, फडक्यात ओलं पान गुंडाळून ठेवलंय, ती एक पान काढते, पत्र्याचा साचा त्यावर ठेवते, कात्री फिरवते, आणि तू कॅमेऱ्याच्या मागून मराठीत विचारतोस “अम्मा, जेवलीस का?” ती तेलुगूत काहीतरी पुटपुटते, पान उजेडात धरून बघते, त्याला भोक आहे म्हणून बाजूला टाकते, आणि मग तुला विचारते तू जेवलास का. तू उत्तर देत नाहीस. हा तुझा आवाज आहे. आई तेलुगूत बोलते, पोरगा मराठीत उत्तर देतो, आपल्या सोलापूरच्या पूर्व भागातल्या हजार घरांमध्ये हेच चालतं आणि कुणी त्याच्याकडे बघत नाही. पर्सनल फिल्म म्हणजे स्वतःबद्दल बोलणं नाही, आपण कुठे बसून बघतोय ते लपवायचं नाही एवढंच. तू अम्माच्या समोर दीड हातावर बसलायस, तुझा आवाज तिथूनच येऊ दे. ते वाचलेलं सगळं काढून टाक, बासरीसकट. बासरी तर नक्कीच.

आनंद पटवर्धनांचं नाव तू पत्रात घेतलंयस, त्यांची ‘जय भीम कॉम्रेड’ बनायला १४ वर्षं लागली हे तुला माहितीये. पण २०२३ साली त्यांची जी फिल्म आली ती त्यांच्या स्वतःच्या आईवडिलांवर आहे. आयुष्यभर रस्त्यावरचा मोर्चा, दंगल, गिरणी शूट केलेला माणूस, आईवडील म्हातारे व्हायला लागले तसं घरात कॅमेरा काढला, फिल्म करायची असं काही डोक्यात नव्हतं, घरच्यासाठी शूट करत राहिले. आणि त्यातून निघालं काय, तर स्वातंत्र्याची चळवळ, फाळणी, सगळा देश, जेवणाच्या टेबलावर. म्हणजे घर लहान नसतं. तुझ्या अम्माच्या सुपात तंबाखू आहे, तेंदूपान आहे, विड्या जमा करून घेणारी कंपनीची ब्रँच आहे, हजार विड्यांमागे मिळणारा हजारीचा भाव आहे, तिने किती वर्षं मोर्चे काढून हे घर मिळवलं ते आहे, २००६ साली दहा हजार विडी कामगार बायकांना कुंभारीत घरं मिळाली त्यातलं हे एक. मित्राला आकडे पाहिजेत ना, आकडे तुझ्या फिल्ममध्ये आहेत, तू ते दाखवायला लाजलायस. अम्माचं कार्ड आहे, त्याच्यावर रोज किती विडी दिल्या, किती छाट म्हणून बाजूला काढल्या ते लिहून येतं. ते कार्ड हातात धरून शांतपणे शूट कर, वाचता येईल एवढा वेळ ठेव. झालं निवेदन.

आता तुझा मागाचा ठेका. इथे मी अडणार आहे. खटखट-खटखट वर धडाधड कट मारणं ही आयडिया सगळ्यांना सुचते, आणि पहिल्या मिनिटाला छान वाटतं, तिसऱ्या मिनिटाला गाण्याचा व्हिडिओ होतो. प्रयोग वरून लावायचा नसतो, ज्याचं शूट करतोय त्याच्यातून काढायचा असतो. तुझ्या घरात आता माग नाहीये, विडी आहे. मग विडीचं माप घे की. तूच लिहिलंयस की अम्मा हजार विडी वळायला दहा तास घेते. दहा तास म्हणजे ३६ हजार सेकंद, म्हणजे एका विडीला ३६ सेकंद. मी तुझ्या फुटेजमध्ये घड्याळ लावून बघितलं, साचा ठेवण्यापासून दोरा बांधून तोंड दुमडेपर्यंत कधी ३२, कधी ४०. तर असं करून बघ, फिल्ममधला प्रत्येक शॉट एका विडीएवढा. वडील गच्चीवर उभे आहेत, ३६ सेकंद. रिकामा रस्ता, ३६ सेकंद. गड्ड्याच्या जत्रेतला तो पाळणा तू शूट केलायस ना, तो पण ३६ सेकंद. कुठेही सांगायचं नाही की हे माप कशाचं आहे. शेवटाकडे कधीतरी एक अख्खी विडी, पानापासून दोऱ्यापर्यंत, न कापता दाखव. बघणाऱ्याच्या अंगात तोपर्यंत ते माप बसलेलं असेल, त्याला कळेल की आपण इतका वेळ अम्माच्या वेळेत बसलो होतो. नाही जमलं तर सोडून दे, नियमासाठी चांगला शॉट मारू नकोस, पण करून बघ.

वडिलांच्या कानाचं मात्र मला तुझं सगळ्यात पटलं आणि त्यावरच तू सगळ्यात कमी काम केलंयस. तू काय केलंयस, व्हॉल्यूम खाली केला आणि वर थोडा घुमणारा इफेक्ट टाकला, पाण्याखाली गेल्यासारखा. वडिलांना तसं ऐकू येत नाही बाळा. मागाच्या शेडमध्ये आवाज सहज ९० डेसिबलच्या वर जातो, तिथे वर्षानुवर्षं चार-चार माग सांभाळलेल्या माणसाचा कान सगळीकडून सारखा जात नाही, आधी जातो तो वरचा पट्टा, साधारण ४००० हर्ट्झच्या आसपास. म्हणजे होतं काय, आवाज येतो पण शब्द कळत नाही. अ, आ, ओ ऐकू येतात, स, श, फ, त हे बारीक आवाज गळून पडतात. बाईचा, लहान पोराचा आवाज जास्त अवघड जातो. म्हणून घरातले म्हणतात, ट्रकचा हॉर्न बरा ऐकू येतो आणि मी बोललेलं तेवढं ऐकू येत नाही, मुद्दाम करतात. मुद्दाम नाही करत. माझ्या वडिलांच्या बाबतीत आम्ही भावंडांनी हे म्हणण्यात दहा वर्षं घालवली, आणि कळलं तेव्हा ते नव्हते. म्हणून तुला जीव तोडून सांगतेय.

तर वडिलांना घेऊन सिव्हिलला जा, कान-नाक-घशाच्या ओपीडीत, ऑडिओमेट्री करायची म्हणून सांग. एक कागद मिळतो, त्याला ऑडिओग्राम म्हणतात, आडवी रेघ हर्ट्झची, उभी डेसिबलची, उजव्या कानाचे लाल गोळे, डाव्या कानाच्या निळ्या फुल्या. तो कागद म्हणजे तुझ्या फिल्मचं साउंड डिझाइन आहे. एडिटिंगच्या सॉफ्टवेअरमध्ये इक्वलायझर असतो, त्यात उजव्या चॅनलला लाल गोळ्यांची रेघ, डाव्या चॅनलला निळ्या फुल्यांची रेघ लाव, जिथे जेवढं खाली गेलंय तिथे तेवढं कापून टाक. मग अम्मा हाक मारतानाचा शॉट लाव. आधी जशी हाक आहे तशी. मग वडिलांच्या कानातून तीच हाक. काही समजवायचं नाही. आणि फिल्मसाठी म्हणून नको नेऊस, कानाला मशीन बसत असेल तर बसव, फिल्म त्याच्यानंतर.

वडिलांच्या कानात शिट्टी वाजते असं तू एका ओळीत लिहून पुढे गेलायस! अरे त्याच्यावर थांब की. मोबाइलवर टोन जनरेटरचं फुकट अ‍ॅप मिळतं, त्यात काटा सरकवला की आवाज बारीक-जाड होतो. वडिलांना हेडफोन दे, आवाज अगदी लहान ठेव, आणि त्यांना विचार की तुमच्या कानातली शिट्टी ह्याच्यापेक्षा वर आहे का खाली. वर, अजून वर, थांब, थोडं खाली. बापलेक बसलेत आणि बाप पोराला आपल्या कानात काय वाजतं ते शोधून देतोय. हे इतकी वर्षं त्यांना कुणी विचारलं नसेल. कॅमेरा लांब ठेव, स्टँडवर, तू त्यांच्या शेजारी बस. सापडला तो टोन तर लिहून ठेव, फिल्ममध्ये कुठे वापरायचा ते नंतर कळेल, जास्त मोठा ठेवू नकोस, बघणाऱ्याच्या कानाला त्रास द्यायचा नाहीये.

मागाचा खरा आवाज पण तुझ्याकडे नीट नाही. तू लग्नाचा कॅमेरा ऑटो ऑडिओवर ठेवून शेडमध्ये गेलास, त्यामुळे कॅमेऱ्याने मोठा आवाज दाबला, लहान आवाज वर ओढला आणि माग चालू असतानाचं आणि लाइट गेल्यावरचं एकाच पातळीला आलं. परत जा, अक्कलकोट रोडच्या एमआयडीसीत तुझ्या मावसभावाच्या ओळखीचा कारखाना आहे म्हणालास ना, ऑडिओ मॅन्युअल कर, सगळ्यात मोठा आवाज वजा बारा डेसिबलच्या आसपास राहील असा लाव आणि मग हात लावू नकोस. पाळी संपून माग बंद होतो तो क्षण आत-बाहेर दोन्हीकडून घे. घरात कुणी बोलत नसताना मिनिटभराचा नुसता आवाज घे, पंख्याचा, कात्रीचा. आणि स्वतःच्या कानात इअरप्लग घालून जा.

मी एकदा, वीसेक वर्षांपूर्वी, साखर पेठेतल्या एका म्हाताऱ्या विणकराच्या शॉटखाली सारंगी टाकली होती. त्यांना दाखवलं. ते बराच वेळ गप्प बसले आणि म्हणाले, बाई, हा माग माझा नाही. त्यांना चित्र दिसतच नव्हतं, ते आवाज ऐकत होते आणि त्यात मागावर आडवा धागा नेणारा त्यांचा धोटा नव्हता.

खिडकीपाशी अम्माला परत बसवलं ते खोटं का? ह्याची काळजी करणारा तू पहिला नाहीस. रॉबर्ट फ्लाहर्टीची १९२२ सालची बर्फातल्या माणसावरची फिल्म, ‘नानूक’, जिला लोक डॉक्युमेंटरीची सुरुवात मानतात, तिच्यात उजेड यावा म्हणून बर्फाचं घर एका बाजूने उघडंच ठेवलं होतं, आणि ती माणसं तोवर बंदुकीने शिकार करायची तरी त्यांना भाला वापरायला लावला. माझ्या मते ह्या दोन गोष्टी सारख्या नाहीत. घर उघडं ठेवणं म्हणजे उजेड. भाला देणं म्हणजे त्या माणसाचा आजचा दिवस काढून घेऊन त्याला आजोबांच्या काळात ढकलणं. तू अम्माला खिडकीपाशी बसवलंस, तिने जी विडी वळली ती खरीच होती, सुपात गेली, हजारात मोजली गेली. ते चालेल. पण वडिलांना तू कपाटातला जुना मिलचा पास गळ्यात घालून भिंतीकडे बघायला लावलंयस, तो शॉट काढ. वडील तसे भिंतीकडे कधी बघत नाहीत, ते मोबाइलवर कुस्ती बघतात, आवाज फुल करून. तेच ठेव. आणि अम्माला “जरा इकडे बस, उजेड आहे” असं तू म्हणतोस ते कापू नकोस, असू दे की फिल्ममध्ये.

कॅमेरा साधा आहे, मोबाइलवरचं फुटेज मिसळलंय म्हणून लाजतोस. आन्येस वार्दा नावाची फ्रेंच बाई सत्तरीला आली तेव्हा हातात मावणारा छोटा डिजिटल कॅमेरा घेऊन शेतात राहिलेले बटाटे वेचणाऱ्या लोकांमागे फिरली, २००० साली ती फिल्म आली. एका हातात कॅमेरा आणि त्याच कॅमेऱ्याने दुसऱ्या हाताच्या सुरकुत्या शूट केल्यात तिने. एकदा कॅमेरा बंद करायला विसरली, चालताना लेन्सचं झाकण लोंबकळत नाचतंय, जमीन हलतेय, तो शॉट पण ठेवला. तू पण असाच एक शॉट पाठवलायस, कॅमेरा चालू राहिलाय आणि जमीन, चपला, जिन्याच्या पायऱ्या, खालून कुणीतरी पाणी आलं म्हणून ओरडतंय. तू त्याचं नाव “चुकून” ठेवलंयस. तो मला फार आवडला.

आता ‘वद्दुरा’.

ह्यावर मी तुला माझं सांगते. मी पण एकदा विडी कामगार बायकांवर वीस मिनिटांची फिल्म केली होती. एका बाईने कॅमेऱ्यासमोर सांगितलं की तिच्या चांगल्या विड्या सुद्धा छाट म्हणून काढतात आणि पैसे कापतात. नाव सांगितलं, ब्रँच सांगितली. मी विचारलं होतं, दाखवू का, ती हो म्हणाली होती. आम्ही ती फिल्म त्यांच्याच गल्लीत पांढरं कापड बांधून दाखवली, टाळ्या पडल्या, मी आनंदात घरी आले. पुढच्या आठवड्यापासून तिला पान कमी मिळायला लागलं. मग अजून कमी. ती मला एका शब्दाने बोलली नाही, फक्त मी गेले की आधी चहा यायचा तो यायचा बंद झाला. तिने हो म्हटलं होतं, पण कशाला हो म्हणतेय हे मी तिला सांगितलंच नव्हतं, कारण ते मलाच कळलं नव्हतं.

आणि तुझ्या अम्माने तर हो सुद्धा म्हटलेलं नाही. ती नको रे म्हणालीये. तू पत्रात लिहिलंयस की तो शॉट भारी आहे कारण ती कॅमेऱ्याकडे न बघता म्हणते. बाळा, ती कॅमेऱ्याला बोलतच नव्हती, तुला बोलत होती. तू तेव्हा कॅमेरा खाली ठेवला नाहीस, अजून ११ सेकंद चालू ठेवलास, मी मोजलेत. मी तुला दोष देत नाही, हात थिजतो, मला माहितीये. पण तो शॉट ठेवायचा का हे मला विचारू नकोस, मित्राला नाही, फेस्टिव्हलवाल्यांना तर नाहीच. मुंबईचं मिफ, तिरुअनंतपुरमचा डॉक्युमेंटरी महोत्सव, सगळीकडे पाठव, जरूर पाठव, असल्या फिल्मला तिथे बघणारे आहेत, पण नंतर. त्या सगळ्यांच्या आधी ही फिल्म एका माणसाने बघायची आहे.

एखादा दिवस बघ जेव्हा ब्रँचला सुट्टी आहे आणि सूप बाजूला आहे. दोघांना बसव. वडिलांना हेडफोन दे, साधा आवाज, तुझा कापलेला नको. अम्माशी त्या वेळी तेलुगूत बोल. सांग की हे सोलापुरात दिसेल, तुझ्या जावेला दिसेल, ब्रँचवाल्याला दिसेल, मोबाइलवर एकदा गेलं की परत घेता येत नाही. तिला हिशोब दिसला तर चालणार नाही पण रडणं चालेल असं पण ती म्हणू शकते, किंवा उलट. तिला तुझ्या मागे बसून कात्री लावू दे. ती म्हणाली काढ, तर काढ, आणि त्या जागी काळा पडदा ३६ सेकंद ठेव, फक्त पंख्याचा आवाज. तेवढ्याला तरी ती हो म्हणते का तेही विचारून घे.

ऑडिओमेट्रीला सकाळी लवकर जा, केसपेपरला रांग असते, वडिलांचं आधार कार्ड बरोबर ठेव. तो कागद आला की त्याचा फोटो मला पाठव. आणि त्या रात्रीची क्लिप मात्र अम्माने बघितल्याशिवाय परत कुणालाही पाठवू नकोस, मी माझ्याकडची पुसून टाकलीये.

तुझी,
अक्का